एमसीए व्ही-३ वरचं बिझनेस युजर खातं: नोंदणी सोपी, पण डीएससीपाशी घोडं पेंड खातं

तासगाव-पलूसकडच्या शेतकरी उत्पादक कंपन्या असोत की कुपवाड एमआयडीसीतल्या खासगी कंपन्या, शेअर वाटप, ताळेबंद, वार्षिक विवरण हे सगळं कंपनी निबंधकांकडे, म्हणजे आपल्या सांगली जिल्ह्यासाठी पुण्याच्या आरओसीकडे, ऑनलाइनच जातं. १४ जुलै २०२५ ला एओसी-४ (ताळेबंद) आणि एमजीटी-७ (वार्षिक विवरण) धरून तिसऱ्या टप्प्यातले ३८ अर्ज एमसीए, म्हणजे केंद्राच्या कंपनी व्यवहार मंत्रालयाच्या, पोर्टलच्या व्ही-३ या नव्या आवृत्तीवर आले. पूर्वी पीडीएफ अर्ज आपल्या संगणकावर भरून मग चढवला जायचा. आता तो लॉगिन करून ब्राउझरमध्येच भरायचा. त्यामुळे खातं नीट नसेल तर पहिलं पानही उघडत नाही.

नोंदणीला पाचपैकी चार तारे. डीएससी, म्हणजे डिजिटल सही, त्या खात्याला जोडण्याला दोन, तेही घासाघीस करून.

नोंदणी फुकट आहे आणि कागदपत्रं हाताशी असतील तर एका बैठकीत होते. ‘रजिस्टर’वर गेलं की दोन पर्याय येतात: रजिस्टर्ड युजर आणि बिझनेस युजर. पहिला घेऊ नका. त्यात माहिती बघता येते, पण कंपनीचे अर्ज भरायला बिझनेस युजरच लागतो. पुढं भूमिका निवडायची. संचालकानं डीआयएन (संचालक ओळख क्रमांक) द्यायचा, सीए किंवा सीएसनं (कंपनी सेक्रेटरी) सदस्यत्व क्रमांक. मोबाइल आणि ईमेल दोन्हीवर ओटीपी येतात, आणि ईमेल हाच युजर आयडी ठरतो. म्हणून एका ईमेलवर एकच खातं.

आणि नेमकं इथंच सर्रास चुकतं. उत्पादक कंपनीत किमान पाच संचालक लागतात, त्यातल्या दोघा-तिघांचा ईमेलच नसतो. मग सल्लागाराच्या ऑफिसातला मुलगा आपलाच ईमेल आणि आपलाच मोबाइल टाकून काम उरकतो. त्या दिवशी सगळ्यांची सोय होते. पण व्ही-३ वर अर्जाचा मसुदा, त्याचा एसआरएन (अर्जाचा नोंद क्रमांक) आणि ‘दुरुस्त करून परत पाठवा’ हा शेरा ज्या खात्यातून अर्ज गेला त्याच खात्यात दिसतो. दुरुस्तीला १५ दिवस मिळतात. त्या काळात सल्लागार बदलला, किंवा तो मुलगा नोकरी सोडून पुण्याला गेला, तर कंपनीचा अर्ज परक्याच्या खात्यात अडकतो आणि संचालकाला त्याचा पत्ताही लागत नाही. आमचं आग्रहाचं सांगणं आहे: ज्याचा डीआयएन, त्याचाच मोबाइल, त्याचाच ईमेल. संचालकाच्या केवायसीतही प्रत्येकाचा स्वतःचा मोबाइल आणि ईमेल मागितला जातो, तेव्हा हे कधी ना कधी करावंच लागतं. पाचही जणांना खातं हवं असं नाही. सही करणारे दोघे पुरेत. दोघे अशासाठी, की ऑक्टोबर छाटणीच्या धांदलीत एक जण बागेत असला तरी दुसऱ्याच्या फोनवर ओटीपी मिळावा. वार्षिक अर्जांचा हंगाम आणि द्राक्षाची छाटणी एकाच महिन्यात येतात, त्याला इलाज नाही.

नोंदणीआधी संचालकाचा डीआयएन चालू आहे ना, तेही तपासा. केवायसी थकली असेल तर डीआयएन निष्क्रिय होतो, आणि मग खातं उघडलं तरी त्याच्या सहीचा अर्ज पुढं सरकत नाही.

आता डीएससी. नुसतं टोकन (डिजिटल सही साठवलेला यूएसबी) विकत घेऊन भागत नाही, ते खात्याला जोडावं लागतं. लॉगिन केल्यावर एमसीए सर्व्हिसेसमध्ये ‘असोसिएट डीएससी’ सापडतं. त्यासाठी संगणकावर दोन गोष्टी हव्यात: टोकनचा ड्रायव्हर आणि ईएमब्रिज, म्हणजे टोकन ब्राउझरला जोडणारं सॉफ्टवेअर. आयकर पोर्टलसाठी ईएमब्रिज आधीच टाकलं असेल तर तेच चालतं, फक्त आवृत्ती ताजी ठेवा. जीएसटीला लागणारा ईएमसायनर वेगळा. तो आहे म्हणून निर्धास्त राहू नका. टोकन लावलं आणि यादी रिकामी आली, तर बहुतेक वेळा ईएमब्रिज मागे सुरू नसतं किंवा अँटिव्हायरसनं अडवलेलं असतं. यादीत दोन प्रमाणपत्रं दिसली तर मुदत वाचून निवडा. नूतनीकरणानंतर जुनं तसंच टोकनमध्ये पडून असतं आणि घाईत त्याच्यावर क्लिक होतं. नूतनीकरण झालं की जोडणीही नव्यानं करायची, हे लक्षात राहत नाही.

‘माहिती जुळत नाही’ असा संदेश आला तर दोष पोर्टलमध्ये शोधण्याआधी पॅन कार्ड काढा. संचालकाची डीएससी पॅनवरून पडताळली जाते. आपल्याकडं आधारवर आडनाव आधी, पॅनवर शेवटी, मधलं नाव एकीकडं पूर्ण आणि दुसरीकडं फक्त आद्याक्षर, असा घोळ घरोघरी असतो. डीएससी काढतानाच नाव पॅनप्रमाणं घ्या. नंतर दुरुस्ती नाही, नवीनच काढावी लागते.

पोर्टलचा सगळ्यात किचकट भाग सहीचा. अर्ज सादर केला की पीडीएफ तयार होते. ती उतरवून ॲडोबी रीडरमध्ये सही करायची आणि परत चढवायची. फाइल क्रोममध्ये उघडून ‘प्रिंट टू पीडीएफ’ केली की सहीची चौकटच मरते. संचालकाच्या सहीनंतर त्याच फाइलवर सीए किंवा सीएसची सही हवी असेल, तर पहिली सही करताना ॲडोबीतल्या ‘सहीनंतर दस्तऐवज लॉक करा’ या चौकोनात टिक नको. ती एक टिक राहिली की दुसऱ्याची सही बसतच नाही आणि पीडीएफ पुन्हा उतरवून सुरुवातीपासून करावं लागतं. व्हॉट्सॲपवर पाठवताना डॉक्युमेंट म्हणूनच पाठवा.

मुदतीही पाठ करा. अर्ज सादर केल्यापासून १५ दिवसांत सही केलेली फाइल चढली पाहिजे. त्यानंतर ७ दिवसांत, किंवा अर्जाच्या मूळ मुदतीनंतर २ दिवसांत, यातलं जे आधी येईल तोवर पैसे भरले पाहिजेत. नाही तर एसआरएन रद्द. ‘सादर केला’ म्हणजे ‘दाखल झाला’ असं समजून शांत बसलेल्या कंपन्यांना याचा फटका बसतो, कारण एओसी-४ आणि एमजीटी-७ ला उशिराचे रोज १०० रुपये लागतात आणि त्याला वरची मर्यादा नाही.

तारखांचं गणित असं: वार्षिक सभा ३० सप्टेंबरला झाली तर एओसी-४ ला तिथून ३० दिवस, एमजीटी-७ ला ६० दिवस, म्हणजे २९ नोव्हेंबर. ज्या कंपन्यांना शेअर भांडवलाचा सहामाही ताळमेळ, म्हणजे पीएएस-६, लागू आहे त्यांचीही सप्टेंबर सहामाहीची शेवटची तारीख तीच. सगळं एका दिवसावर ठेवू नका. नव्या उत्पादक कंपन्यांनी शेअर वाटपाचा पीएएस-३ अजिबात रेंगाळत ठेवू नये. केंद्राच्या योजनेतलं समभाग अनुदान सभासदामागे जास्तीत जास्त २,००० रुपये आणि कंपनीला जास्तीत जास्त १५ लाख रुपये असं मिळतं. ते मागताना सभासदांचं भांडवल कागदावर दिसावं लागतं, आणि तो कागद हाच. वाटपाचा ठराव आणि भागधारकांची यादी आधी स्कॅन करून, फाइल लहान करून ठेवा. मोठी फाइल पोर्टल घेत नाही.

संचालक मोबाइल नंबर बदलणार असेल तर आधी पोर्टलच्या प्रोफाइलमध्ये बदल करून घ्या, मगच जुनं सिम बंद करा. डीआयएनच्या नोंदीतला नंबर यानं आपोआप बदलत नाही. तो केवायसीच्या अर्जातून वेगळा बदलावा लागतो.