‘राइट प्रोटेक्टेड’ दाखवून साडेसात हजार घेतले

नागपुरात लॅपटॉप दुरुस्तीला टाकणार असाल, तर आधी हे वाचून घ्या.

ताईचा लॅपटॉप चालू होईना. बर्डीवरच्या एका दुकानात नेला. तिथल्या पोराने पेनड्राइव्ह लावून तो बूट केला, काळ्या खिडकीत चेकडिस्क (डिस्कमधले दोष तपासणारी कमांड) मारली आणि स्क्रीन आमच्याकडे फिरवली. व्हॉल्यूम (डिस्कचा भाग) राइट प्रोटेक्टेड, म्हणजे त्यावर काही लिहिता येत नाही, तपासणी होऊ शकत नाही. मग बूटरेकची फिक्सबूट, म्हणजे विंडोज सुरू करणारा भाग दुरुस्त करायची कमांड. ॲक्सेस इज डिनाइड.

“पाहा ताई, डिस्क लॉक झाली. डेटा काढावा लागते.”

नवी एसएसडी (डेटा साठवायची डिस्क) आणि डेटा रिकव्हरी मिळून साडेसात हजार. शिकवणीच्या सगळ्या नोट्स त्यात, ताई काय करणार? जुनी डिस्क मात्र मी मागून घेतली. ती देताना त्याने इतके आढेवेढे घेतले की पाणी मुरतंय हे तिथेच कळलं.

घरी ती यूएसबी केसमध्ये घालून जोडली. सगळे फोल्डर जागच्या जागी, डिस्क तपासणाऱ्या क्रिस्टलडिस्कइन्फो या सॉफ्टवेअरमध्ये तब्येत ‘गुड’. आणि त्याची ‘नवी’ डिस्क नऊ हजार तासांच्या वर चाललेली! वर्षभर अखंड चालू ठेवली तरी ८,७६० तासच भरतात.

ताईने भावजींना पाठवायला त्या स्क्रीनचा फोटो काढला होता. त्यात कमांडच्या आधी ड्राइव्हचं अक्षर एक्स. पेनड्राइव्हवरून रिकव्हरी सुरू केली की विंडोज स्वतःपुरता एक तात्पुरता ड्राइव्ह मेमरीत उघडतं, तो हा. अक्षर न देता चेकडिस्क मारली की ती त्यावरच चालते आणि धडधाकट लॅपटॉपवरही हाच एरर देते. फिक्सबूटचं ॲक्सेस डिनाइड तर विंडोज १० च्या यूईएफआय (नव्या पद्धतीने सुरू होणाऱ्या) मशीनवर सर्रास दिसतं. त्यावरून डिस्क गेली असं ठरत नाही.

म्हणून समोर बसून डिस्कपार्ट या विंडोजच्या टूलमध्ये लिस्ट व्हॉल्यूम (सगळ्या ड्राइव्हची यादी दाखवणारी कमांड) मारायला लावा. विंडोज कोणत्या अक्षरावर आहे ते पाहा, कारण रिकव्हरीत नेहमीच्या सी ड्राइव्हचं अक्षर डी होऊन बसतं. मग तेच अक्षर देऊन चेकडिस्क. आम्ही जुनी डिस्क परत बसवली, बीसीडीबूट या कमांडने विंडोज सुरू करणाऱ्या बूट फाइल्स नव्याने लिहिल्या आणि लॅपटॉप सुरू झाला.

दुकानदार आता फोन उचलत नाही. पक्कं बिल मागितलं तेव्हा ‘जीएसटी वेगळा लागेल’ म्हणाला होता, म्हणजे हातात यूपीआयची नोंद आणि तो फोटो एवढंच. तेवढ्यावर १९१५ या ग्राहक हेल्पलाइनवर तक्रार टाकली आहे. तिथे जमलं नाही तर जिल्हा ग्राहक आयोग. पाच लाखांपर्यंतच्या तक्रारीला तिथे फी लागत नाही.