विरोध जुळवायचा कसा: प्रकाशासारखा की रंगद्रव्यासारखा?

समजा, ‘वर्णसमन्वय’ नावाचं एक काल्पनिक तत्त्वज्ञान आहे. विरोधी मतं रंगांसारखी जुळवावीत, एवढाच त्याचा दावा. पण जुळवायची कशी, यावरून त्याचे दोन पंथ पडतात.

प्रकाशपंथी बेरीज करतात. निळा आणि पिवळा झोत योग्य प्रमाणात एकाच पडद्यावर पाडले की पांढरा दिसतो आणि उजेड वाढतो. शिवाय न्यूटनने लोलकातून विखुरलेले रंग पुन्हा एकत्र आणून पांढरा प्रकाश मिळवून दाखवला. तो परत फोडताही येतो. म्हणजे एकत्र येऊनही कुणी कायमचं हरवत नाही, आणि मला तरी हीच गोष्ट सगळ्यात मोलाची वाटते.

रंगद्रव्यपंथी वजाबाकी करतात. प्रत्येक द्रव्य थोडा प्रकाश शोषून घेतं. निळ्या-पिवळ्याचा हिरवा होतो, लाल-हिरव्याचा मळकट तपकिरी. मिसळलेलं वेगळं करणं जवळपास अशक्य. (हिरवा देखणा असतो, हे मान्य.)

माझा कल पहिल्या पंथाकडे, पण पांढऱ्याकडे नुसतं पाहून आत कोण आहे ते कळत नाही. फ्रेंच रसायनशास्त्रज्ञ शेव्रलने १८३९ मध्ये मांडलं होतं, की पूरक रंग (निळ्या-पिवळ्यासारखे, ज्यांचे झोत मिळून पांढरा होतो) न मिसळता शेजारी ठेवले तर दोन्ही अधिक उठून दिसतात. ही तिसरी वाट दोन्ही पंथांच्या गावीच नाही.