‘व्हिक्टरी’चा लाकडी संच: खरा कस दोरकामात

१७६५ साली पाण्यात उतरलेल्या आणि १८०५ च्या ट्रफाल्गरच्या लढाईत ब्रिटिश नौसेनापती नेल्सनची ध्वजनौका असलेल्या ‘एचएमएस व्हिक्टरी’चा १:१०० प्रमाणातील लाकडी प्रतिकृतीचा संच मी सांगलीत घरीच बांधला. सांगाड्याचे आडवे फाळके अचूक कापलेले आहेत आणि दुहेरी फळ्यांची रचना नौकेचा पोटाकडचा फुगवटा उत्तम साधते. फळ्या गरम पाण्यात भिजवूनच वाकवाव्यात. कोरड्या वाकवल्यास त्या नाळेजवळ, म्हणजे नौकेच्या पुढच्या टोकाशी, तडकतात.

संचाची उणीव दोरकामात आहे. डोलकाठ्यांना आधार देणारे स्थिर दोर डांबर लावलेले, म्हणून काळपट असत, तर शिडे व परबाण (शीड बांधायची आडवी काठी) हलवणारे दोर फिकट असत. हा भेद नकलेत दिसलाच पाहिजे. संचात मात्र एकाच रंगाचा, एकाच जाडीचा आणि तंतू सुटलेला धागा दिला आहे, ही मला अक्षम्य काटकसर वाटते. मी सांगलीच्या बाजारातून निरनिराळ्या जाडीचा सुती धागा आणून, रंगवून त्यावर मेण फिरवले. पुस्तिकेत दोर बांधण्याचा क्रमही नाही. डोलकाठीचे बाजूचे दोर जोडीजोडीने, आधी उजवीकडे व मग डावीकडे असे आलटूनपालटून चढवावेत, नाहीतर ताण एकाच बाजूला येऊन डोलकाठी कलते.

मुंबईच्या गोदीत जमशेटजी बोमनजी वाडियांनी १८१७ मध्ये सागवानात बांधलेली ‘ट्रिंकोमाली’ ही युद्धनौका आजही इंग्लंडमधील हार्टलपूलला तरंगते आहे. तिचाही असा संच मला हवा आहे. ‘व्हिक्टरी’चा संच धीर असणाऱ्यांनी जरूर घ्यावा, परंतु धाग्याचा खर्च वेगळा धरावा.