क्रिकेट शब्दकोशाचं ॲप: स्कोअरिंगच्या टेबलावरून सात महिन्यांचा अनुभव

दिवाळीत पुतण्यानं माझ्या मोबाइलवर क्रिकेटच्या शब्दांचं एक फुकटातलं मराठी ॲप टाकून दिलं. बेळगाव-खानापूर भागातल्या टेनिस बॉल स्पर्धांना मी बरीच वर्षं स्कोअरिंग करतो. माइकवाला आला नाही की माइकही माझ्याच हातात येतो. आता मे उजाडलाय आणि ॲप अजून काढून टाकलेलं नाही, म्हणजे अगदीच वाया गेलेलं नाही. पाचात तीन देईन. पण ज्यानं हे मराठीत आणलं, तो कधी टेबलाशी वही घेऊन उन्हात बसलेला नाही, एवढं नक्की.

पहिल्याच दिवशी ‘डक’ काढून बघितलं. ‘बदक, शून्य धावांवर बाद होणे.’ अहो, इंग्रजाला शून्यात बदकाचं अंडं दिसलं, आम्हाला भोपळा दिसला! ‘भोपळाही फोडता आला नाही’ हे शाळकरी पोरगंसुद्धा म्हणतं, आणि ॲपमध्ये भोपळा शोधला तर कोरं पान. ‘सिली पॉइंट’ला, म्हणजे फलंदाजाच्या अगदी जवळ उभं राहायच्या क्षेत्ररक्षणाच्या जागेला, तर ‘मूर्ख बिंदू’. मी ते गंमत म्हणून माइकवर वाचून दाखवलं, आणि त्या दिवशी पॉइंटला उभा असलेला पोरगा अख्ख्या स्पर्धेत त्याच नावानं ओळखला गेला. निर्धाव षटक, यष्टिचीत, त्रिफळा हे रेडिओच्या धावत्या वर्णनातून कानात बसलेले शब्द मात्र जसेच्या तसे ठेवलेत. तिथं वाचायला बरं वाटतं.

खरा घोटाळा झाला जानेवारीत, एका उपांत्य सामन्यात. नोबॉल पडला, बॅटला लागला नाही, कीपरच्या पायांमधून निसटून थेट सीमेपार. संघाला पाच धावा, त्यावर वाद नाही. गोलंदाजाच्या नावावर किती, हा प्रश्न. उत्कृष्ट गोलंदाजाचं बक्षीस होतं, त्यामुळं त्याचा थोरला भाऊ टेबलाशीच येऊन उभा.

“काका, चार रन बायचे हाइत की. पोराच्या नावावर कशाला लिवलासा?”

मी ऐटीत ॲप उघडलं. ‘नोबॉलवर मिळालेल्या सर्व अवांतर धावा नोबॉल म्हणूनच धरल्या जातात.’ दाखवलं, पाचही लिहिल्या, भाऊ गप्प झाला. मला मात्र चैन पडेना. रात्री नियमच काढून वाचला. ऑक्टोबर २०१७ पासून हे बदललंय! दंडाची एक धाव नोबॉलची, ती गोलंदाजाच्या खात्यावर. बॅटला न लागता मिळालेल्या बाकीच्या धावा बाय किंवा लेगबाय, त्या गोलंदाजाच्या खात्यावर नाहीत. वाइडवर पळालेल्या धावा मात्र सगळ्या वाइडच. म्हणजे भाऊ बरोबर, मी आणि ॲप चूक. सकाळी वहीत खाडाखोड केली आणि त्याला चहा पाजला. बक्षीस अजून द्यायचं होतं, नशीब माझं.

गंमत अशी, की हेच ॲप ‘मांकडिंग’वर (चेंडू टाकण्याआधीच क्रीझ सोडलेल्या नॉन-स्ट्रायकरला गोलंदाजानं धावचीत करणं) एकदम चोख आहे. १९४७ मध्ये सिडनीत भारताच्या विनू मांकड यांनी ऑस्ट्रेलियाच्या बिल ब्राऊनला नॉन-स्ट्रायकरच्या टोकाला धावचीत केलं इथपासून, २०२२ मध्ये हा प्रकार ‘अनुचित खेळा’च्या कलमातून ‘धावचीत’च्या कलमात नेला इथपर्यंत सगळं आहे. यावरून आमच्याकडं बॅटा उगारल्या जायच्या. आता मी ते पान पुढं करतो. २०२२ माहीत आणि २०१७ नाही, हे कसं काय? पानं वेगवेगळ्या माणसांनी लिहिली असणार. पायचीतचं पानही उत्तम, लेग स्टंपबाहेर टप्पा पडला तर बाद का नाही ते आकृती काढून सांगितलंय. पण टेनिस बॉलला आमच्यात पायचीत नसतंच, काय उपयोग!

आमच्या बाजूच्या शब्दांची अपेक्षा धरणं चूक, तरी लिहितो. मागं पुण्याचे एक पाहुणे सामना बघायला बसले होते. सगळीकडून “होडी, होडी!” ऐकून त्यांनी मला हळूच विचारलं, इथं होडी कुठली? कानडीत ‘होडी’ म्हणजे हाण. ‘ओडु’ म्हणजे पळ. आमचा कीपर कानडी, गोलंदाज मराठी. कीपर मागून ओरडतो, “सरपटी हाक!” सरपटी आमची, म्हणजे जमिनीलगत जाणारा चेंडू; ‘हाक’ त्याचं, म्हणजे टाक. गोलंदाज बरोबर सरपटीच टाकतो. ॲपमध्ये ना सरपटी, ना लप्पा.

जाहिराती फार, आणि त्या नेमक्या ओव्हर संपता संपता येतात. नेट नसलं तरी चालतं, खानापूरच्या पलीकडं हे महत्त्वाचं.

‘भोपळा’ घाला म्हणून मार्चमध्ये कळवलं होतं. परवा अपडेट आलं. ‘डक’च्या पानावर आता बदकाचं चित्र आहे, रंगीत.