‘वांडा’ची ब्ल्यू-रे: बार्बरा लोडेन एका डिस्कवर

अमेरिकी अभिनेत्री बार्बरा लोडेनला १९६४ साली ब्रॉडवेवरच्या (न्यूयॉर्कच्या रंगभूमीवरच्या) कामासाठी टोनी हा नाट्यपुरस्कार मिळाला. ‘स्प्लेंडर इन द ग्रास’ चित्रपटात दुय्यम भूमिका, पुढे १९७०चा ‘वांडा’: लेखन, दिग्दर्शन आणि मुख्य भूमिका तिचीच. १९८० मध्ये, अवघ्या ४८व्या वर्षी ती गेली. दिग्दर्शक म्हणून पूर्ण लांबीचा हा एकच चित्रपट.

अभिजात चित्रपटांच्या डिस्क काढणाऱ्या क्रायटेरियन कंपनीची ‘वांडा’ची ही डिस्क घ्यावीच. पण आधी प्लेअर तपासा. ब्ल्यू-रे डिस्क आणि प्लेअर जगाच्या ठरावीक विभागांसाठी (रीजन) बांधलेले असतात. ही डिस्क रीजन ‘ए’ची, भारतातले प्लेअर रीजन ‘सी’चे; प्लेअर रीजन-फ्री, म्हणजे सगळ्या विभागांच्या डिस्क चालवणारा नसेल तर ती लागणारच नाही.

चित्रीकरण १६ मिमी फिल्मवर, फ्रेम १.३७:१, म्हणजे आजच्या रुंद टीव्हीपेक्षा चौकोनी. टीव्हीवर ‘फुल’ किंवा ‘झूम’ लावलंत तर चेहरे फाकतात नाहीतर डोकी कापली जातात, ‘ओरिजिनल’च ठेवा. दाणेदारपणा हा फिल्मचाच आहे, टीव्हीचं नॉइज रिडक्शन (दाणे पुसून चित्र गुळगुळीत करणारं सेटिंग) बंद करा. नाहीतर पेनसिल्व्हेनियाच्या कोळशाच्या ढिगाऱ्यांतून चालणारी पांढऱ्या कपड्यांतली इवलीशी वांडा पार पुसट होते, आणि तो लांबलचक शॉट तर या चित्रपटाचा जीव आहे. आवाज मोनो (एकाच चॅनेलचा), संवाद पुटपुटल्यासारखे, सबटायटल्स लावाच.

अभिनय बघायचा तर कोर्टातला प्रसंग बघा. केसांना कर्लर लावून आलेली वांडा मुलं नवऱ्याकडेच बरी राहतील म्हणते, तेही आवाज जराही न चढवता. भूमिकेसाठी सहानुभूती मागायचीच नाही, हे धाडस फार थोड्या अभिनेत्रींकडे असतं.

डिस्कवरच्या पुरवण्यांत ‘आय ॲम वांडा’ हा माहितीपट आधी लावा.