मान्यता येतेय म्हणता म्हणता सात वर्षं गेली आणि 14 लाख 40 हजार

लाज वाटते लिहायला, पण लिहितो. शिक्षकाच्या नोकरीसाठी शाळेच्या संस्थेला 'देणगी' 11 लाख (पावती फक्त 5 हजाराची), संस्थेच्या सचिवांच्या माणसाला 'मान्यतेचे', म्हणजे नेमणुकीला शिक्षण खात्याची मंजुरी आणायचे, 2 लाख 75 हजार, मग 'त्रुटी काढायला' 65 हजार. वडिलांची दीड एकर गेली. बदल्यात सात वर्षांत हातात आले 70 हजार, संस्था 14 महिने पाच-पाच हजार द्यायची, नंतर तेही बंद.

2018 च्या जूनला लागलो, अनुदानित शाळा. पवित्र पोर्टलशिवाय (शिक्षक भरतीची सरकारी वेबसाइट) भरती होत नाही हे मला माहीत नव्हतं असं नाही हो, पण सगळे म्हणायचे आपली ऑर्डर 2 मे 2012 च्या भरतीबंदीआधीची दाखवू, तीन वर्षं शिक्षणसेवक (मानधनावरचा शिक्षक) म्हणून धरली की पुढे कायम, आणि थकबाकीच एवढी मिळेल की दिलेले पैसे फिटतील. बीएड होऊन घरी बसलेल्या माणसाला हे ऐकवून बघा.

आणि तो दिवस. संध्याकाळी शाळा सुटल्यावर मुख्याध्यापकांनी केबिनमध्ये बसवलं, समोर मागच्या सहा वर्षांचं हजेरीचं मस्टर, दोन निळे पेन एक काळा, म्हणाले सर आलटून पालटून करा म्हणजे एकसारखं दिसणार नाही. मी केल्या सह्या. दिवाळीची सुट्टी सोडून सह्या करताना हात थांबला होता माझा, कारण 2013 ला मी दुसऱ्या जिल्ह्यात तासिकेवर होतो आणि त्याचं अनुभव प्रमाणपत्र मीच हौसेने याच फाईलला लावलं होतं!! तिथेच उठायला पाहिजे होतं. नाही उठलो. चहा आला, प्यायलो.

2021 ला व्हॉट्सअॅपवर मान्यतेच्या पत्राचा फोटो आला, गोल शिक्का, जावक नंबर, सगळं. घरी पेढे वाटले. शालार्थ आयडीचा (सरकारी पगार ज्यावर निघतो तो नंबर) प्रस्ताव शिक्षण उपसंचालकांकडे गेला आणि परत आला. माहिती अधिकार टाकला, 30 दिवसांत द्यायचं उत्तर 71 दिवसांनी आलं, ते पण अपील केल्यावर: त्या जावक नंबरवर दुसऱ्याच शाळेच्या कोणाचं तरी मेडिकल बिल आहे. जावक रजिस्टर आधी बघा रे, फोटोवर पेढे वाटू नका.

मग चकरा. शिक्षणाधिकारी कार्यालयात म्हणतात संस्थेला विचारा, संस्था म्हणते फाईल उपसंचालकांकडे, तिथे म्हणतात मान्यता ज्यांनी दिली तिकडे जा, आणि ज्यांनी दिली ते म्हणतात आम्ही दिलीच नाही! क्लार्क तर मान वर करत नाही, साहेब कायम मीटिंगला. 2025 ला नागपूरचं बोगस शालार्थ आयडीचं प्रकरण फुटल्यापासून तर सगळे सरळ म्हणतात सही कोण करणार आता. अहो पण तुमच्याच ऑफिसच्या दारात हा सचिवांचा माणूस फाईली घेऊन उभा असतो, तो दिसत नाही का कोणाला? पोलीस स्टेशनला गेलो तर साहेबांनी मलाच ऐकवलं, पैसे देणारा पण गुन्हेगार असतो, जबरदस्तीने दिले असतील तर सात दिवसांत सांगायचं होतं. सात दिवस! आम्ही सात वर्षं वाट बघतोय.

संचमान्यतेत (शाळेला मंजूर पदांची यादी) पद रिकामं आहे का ते स्वतः बघा, बिंदूनामावली (कोणतं पद कोणत्या आरक्षणाचं ते रजिस्टर) मागा. जुन्या तारखेची ऑर्डर म्हणाले की बॅग उचला. कोऱ्या स्टॅम्पपेपरवर सही नको, माझ्याकडून 'स्वखुशीने देणगी' लिहून घेतलीय त्याच कागदावर.

परवा ऑफिसबाहेर तोच माणूस टपरीवर दिसला, सोबत एक पोरगं, हातात प्लास्टिकची फाईल. मला बघून लपला पण नाही, उलट पोराला म्हणाला, हे सर आपलेच, यांचं काम आपणच केलंय. पोरगं वाकून पाया पडलं माझ्या. आणि मी काही न बोलता गाडीला किक मारली.