जॉर्जियाचे फुटबॉल सामने: खिशातला रेडिओ की मोबाइल?

अमेरिकेतील अथेन्स येथे जॉर्जिया विद्यापीठात शिकणाऱ्या एका मराठी विद्यार्थ्याने विचारले, की विद्यापीठाच्या 'बुलडॉग्ज' या अमेरिकन फुटबॉल संघाच्या सामन्यांचे समालोचन रेडिओवर ऐकावे की मोबाइलवर.

माझ्या मते पहिला निकष वेळेचा असावा. अटलांटाच्या डब्ल्यूएसबी या रेडिओ केंद्राचे ७५० किलोहर्ट्झवरील एएम (मध्यम लहरींवरील) प्रसारण रेडिओपर्यंत फारसा वेळ न गमावता पोहोचते; इंटरनेटवरील प्रसारण तुकड्यातुकड्यांनी साठवत येत असल्याने बरेचदा अर्धा मिनिट मागे पडते, आणि ९० हजारांहून अधिक प्रेक्षक मावणाऱ्या सॅनफर्ड स्टेडियममध्ये बसून ऐकणाऱ्याचा सारा आनंद हा उशीर हिरावून घेतो. शिवाय एवढ्या गर्दीत मोबाइलचे नेटवर्क मंदावते.

रेडिओचा खर्च एकदाच होतो, पुढे सेल पुरतात. मोबाइलला डेटा व चार्जिंग लागते. आवाज मात्र मोबाइलवरच स्वच्छ मिळतो, कारण विजेची उपकरणे आणि वादळे एएमवर खरखर निर्माण करतात. ५० हजार वॉटच्या या केंद्राचे प्रसारण रात्री आयनांबरावरून (वातावरणाच्या विद्युतभारित वरच्या थरावरून) परावर्तित होऊन शेकडो किलोमीटरवर ऐकू येते, तरी पुण्यातील माजी विद्यार्थ्याला त्याचा उपयोग नाही.

स्टेडियममध्ये किंवा अथेन्सच्या आसपास गाडीत ऐकणाऱ्याने रेडिओच घ्यावा. वसतिगृहात किंवा परदेशात राहून ऐकणाऱ्यास मोबाइल पुरेसा आहे.